मोदेनाची आचेताइया: व्हिनेगर बघायला आणि चाखायला जायचं असेल तर

गवतीचहा

इटलीवरच्या धाग्यांत रोम-फ्लॉरेन्स-व्हेनिस या त्रिकुटाचं चर्वितचर्वण भरपूर झालंय. मोदेनाचं नाव निघालंच तर फेरारीच्या निमित्ताने. मध्ये इथे कुणीतरी विचारलं होतं, "बोलोन्याला राहतोय, जवळपास खाण्यापिण्यातलं वेगळं काय बघता येईल?" त्याला उत्तर लिहायला बसले आणि ते लांबतच गेलं, म्हणून हा वेगळा धागा.

आचेताइया म्हणजे बाल्सामिक व्हिनेगर जिथे मुरत ठेवतात ती जागा. कारखाना डोळ्यांसमोर आणू नका. बऱ्याचदा ते कुणाचं तरी राहतं घर असतं आणि आचेताइया म्हणजे त्या घराचा पोटमाळा. आम्ही गेलो ते मोदेना शहराबाहेर द्राक्षमळ्यातलं जुनं शेतघर. नवरा, मी आणि सासूबाई. घरच्या आजी सत्तरीच्या पुढच्या, इंग्रजी बोलायला त्यांची नात.

आधी एक गोंधळ मिटवते, कारण तो मिटला नाही तर तिथे जाऊन काहीच कळणार नाही. आपण सुपरमार्केटमधून आणतो ते "आचेतो बाल्सामिको दि मोदेना", त्यावर आयजीपीचा (ठरावीक प्रदेशाचं नाव जपणारी युरोपीय खूण) निळा-पिवळा शिक्का असतो. त्यात द्राक्षाचा आटवलेला किंवा घट्ट केलेला रस आणि वाइनचं व्हिनेगर एकत्र असतं, रंगासाठी थोडं कॅरॅमल चालतं, आणि लाकडात किमान ६० दिवस ठेवलं की झालं. वाईट असतं असं अजिबात नाही, रोजच्या सॅलडला तेच वापरावं. पण आचेताइयात जे बघायला जायचं त्याच्या नावात "त्रादित्सिओनाले" हा शब्द असतो, शिक्का लाल-पिवळा डीओपीचा (तशीच, पण जास्त कडक खूण) असतो आणि त्यात एकच घटक असतो: द्राक्षाचा शिजवलेला रस. वाइन व्हिनेगर नाही, साखर नाही, रंग नाही. युरोपीय संघाने हा डीओपी दर्जा २००० साली दिला, साध्याला आयजीपी २००९ मध्ये मिळाला. नावं इतकी सारखी की पर्यटक हमखास चकतात, आणि विकणाऱ्यांतले काही ते चकावेत अशीच बाटली बनवतात.

रस मुख्यतः त्रेब्बियानो आणि लांब्रुस्को जातीच्या द्राक्षांचा. काढला की आंबायच्या आत उघड्या भांड्यात मंद आचेवर तासन् तास आटवतात. आपल्याकडे गुऱ्हाळात काहिलीपाशी उभं राहिलेल्यांना हे दृश्य वेगळं सांगायला नको. रस निम्म्यावर किंवा त्याहूनही खाली येतो. हे सगळं सप्टेंबर-ऑक्टोबरात, सुगीला. आम्ही गेलो उन्हाळ्यात, तेव्हा भांडी घासूनपुसून पालथी घातलेली होती.

मग जिना चढून वर. दार उघडल्या उघडल्या वास येतो. आंबट, गोड, जुन्या लाकडाचा, आणि नाकात किंचित झणझणतो. कौलांखाली बाहेरच्यापेक्षा जास्त उकडत होतं. भिंतीला लागून लाकडी पिंपांच्या रांगा, आडवी ठेवलेली, प्रत्येक रांगेत मोठ्याकडून लहानाकडे उतरत जाणारी. अशा एका रांगेला "बात्तेरिया" म्हणतात. सगळ्यात मोठं पिंप साठ-सत्तर लिटरचं, सगळ्यात लहान दहा-पंधराचं. प्रत्येक पिंपाच्या पाठीवर मध्यभागी चौकोनी भोक, त्यावर क्रोशाचा पांढरा रुमाल, रुमालावर लाकडाची किंवा दगडाची चकती. आजींनी एक रुमाल उचलून दाखवला. भोकाच्या कडेला वर्षानुवर्षांच्या ओघळांचा काळा, चकचकीत थर जमलेला. आत वाकून बघितलं तर पिंप पूर्ण भरलेलं नसतं, वर हवेला जागा सोडलेली असते. नवऱ्याने जरा जास्तच वाकून जोरात हुंगलं आणि डोळ्यांतून पाणी काढून घेतलं.

पिंपं एकाच लाकडाची नसतात. ओक, चेस्टनट, चेरी, तुती, अ‍ॅश, जुनिपर. चेस्टनट रंग गडद करतो, चेरी गोडवा आणतो, जुनिपरचा राळेसारखा वास तर लगेच वेगळा ओळखू येतो. कुठल्या लाकडानंतर कुठलं लावायचं हे प्रत्येक घराचं आपापलं.

आता मुख्य गोष्ट. वर्षातून एकदा, हिवाळ्यात, सगळ्यात लहान पिंपातून थोडं व्हिनेगर काढतात. लहान पिंपात झालेली तूट त्याच्या शेजारच्या थोड्या मोठ्या पिंपातून भरतात, त्याची त्याच्याहून मोठ्यातून, असं करत शेवटी सगळ्यात मोठ्या पिंपात यंदाचा आटवलेला रस ओततात. कुठलंच पिंप कधी पूर्ण रिकामं होत नाही. म्हणजे बाटलीत जे येतं त्यात यंदाचा थेंब नसतो, पण बारा वर्षांपूर्वीचा, वीस वर्षांपूर्वीचा, पणजोबांनी भरलेला असे सगळे थोडे थोडे असतात.

सासूबाईंनी विचारलं, "मग वर्षाला निघतं किती?" नातीने आजींना विचारून सांगितलं: एका रांगेमागे लिटर-दोन लिटर, जास्त काढलं तर चव जाते. "आणि एवढ्यावर घर चालतं?" त्यावर आजीच हसल्या. घर द्राक्षावर आणि खालच्या वाइनवर चालतं म्हणाल्या, माळा घरचाच म्हणून आहे. मुलगी जन्मली की तिच्या नावाने नवी बात्तेरिया लावायची आणि लग्नात ती सोबत द्यायची, अशी या भागात जुनी पद्धत. नातीच्या नावाची रांग तिने आम्हाला दाखवली, पिंपावर तिच्या जन्माचं साल कोरलेलं.

चाखणं खाली ओसरीवर. पांढरे चिनीमातीचे चमचे, कारण धातूची चव उतरते. आधी साधं आयजीपी, मग "अफ्फिनातो" (किमान १२ वर्षं), मग "एक्स्त्रावेक्यो" (किमान २५ वर्षं). या क्रमासाठी आग्रह धरा. थेट जुन्यावर गेलात तर "गोड-आंबट घट्ट काहीतरी" एवढंच कळतं. साधं चाखलेलं असेल तर फरक थेट जिभेवर येतो: साध्यात आंबटपणा पुढे येऊन घशाला लागतो, अफ्फिनातोत आंबट आणि गोड एकत्र येतात, आणि एक्स्त्रावेक्यो गिळल्यावरही तोंडात बराच वेळ चव बदलत राहते. मनुका, मग लाकूड, मग कडवटाची बारीक झाक. मला स्वतःला अफ्फिनातो जास्त आवडलं. आंबटपणा जिवंत असतो त्यात.

सोबत पार्मिजानो चीजचे तुकडे होते, त्यावर एकेक थेंब. शेवटी व्हॅनिला आइस्क्रीमवर. आइस्क्रीमवर नको म्हणणाऱ्या सासूबाईंनी दुसऱ्यांदा घेतलं.

जायचं कसं: बोलोन्याहून मोदेना लोकल गाडीने अर्ध्या तासाच्या आत. पण आचेताइया बऱ्याचशा शहराबाहेर, तिथे बसने पोचणं कटकटीचं. गाडी भाड्याने घ्या किंवा स्टेशनवरून टॅक्सी. आधी ईमेल करून वेळ ठरवल्याशिवाय जाऊ नका, तुम्ही कुणाच्या तरी घरी चाललाय. काही ठिकाणी फुकट दाखवतात, काही ठिकाणी चाखण्याचे पैसे घेतात.

प्रश्न असतील तर विचारा.

---

अडाणी_आत्मा

व्हिनेगर बघायला इटलीत. सासूबाईंना घेऊन. _/\_

लेख आवडला. पण शेवटी जे लिहायला हवं होतं ते गायब आहे. किंमत, ताई, किंमत.

---

गवतीचहा

@अडाणी_आत्मा, मुद्दामच टाळली होती :)

१०० मिलीची बाटली. उत्पादकाकडे थेट घेतली तर अफ्फिनातो साधारण चाळीस-पन्नास युरोच्या आसपास, एक्स्त्रावेक्यो त्याच्या दुप्पट किंवा वर. शहरातल्या पर्यटकी दुकानांत आणखी. आम्ही एक अफ्फिनातो घेतली. वापर थेंबाथेंबाने होतो त्यामुळे पुरते भरपूर.

---

अडाणी_आत्मा

१०० मिलीला पन्नास युरो. एवढ्यात माझी व्हिनेगरची आयुष्यभराची गरज भागेल आणि वर वारसांना उरेल.

---

रसायनी

छान लिहिलंय. थोडी भर.

पोटमाळाच का, तळघर का नाही, हा प्रश्न बरेच जण विचारतात. वाइनला एकसारखं गार तापमान लागतं, इथे नेमकं उलट. पो नदीच्या खोऱ्यात उन्हाळा कडक आणि दमट, हिवाळा गोठवणारा. उन्हाळ्यात माळा तापतो, तेव्हा आंबण्याची क्रिया चालते आणि लाकडातून, भोकातून पाणी उडत राहतं. हिवाळ्यात सगळं मंदावतं, गाळ खाली बसतो, द्रव निवळतो. म्हणून काढणं-भरणं हिवाळ्यात. हे चक्र वर्षानुवर्षं चाललं की पाणी कमी होत साखर आणि आम्लं दाट होत जातात. मोदेनाच्या नियमात घनतेचं किमान बंधन आहे, २० अंश सेल्सिअसला १.२४. पाण्याच्या सव्वापट जड म्हणा ना. आम्लता किमान ४.५ टक्के. साध्या आयजीपीत आम्लता किमान ६ टक्के लागते, म्हणजे महागडं व्हिनेगर आम्लतेत उलट सौम्य.

दुसरं, एकाच रसात दोन क्रिया होतात. आधी यीस्ट साखरेचं अल्कोहोल करतं, मग असिटिक आम्ल बनवणारे जिवाणू त्या अल्कोहोलचं आम्ल करतात. या जिवाणूंना हवा लागते, म्हणून पिंप काठोकाठ भरत नाहीत आणि भोकावर बुचाऐवजी रुमाल. रस इतका गोड असतो की यीस्टला सगळी साखर संपवताच येत नाही, उरलेला गोडवा तोच. हे सुरुवातीचं काम बऱ्याच घरांत वेगळ्या मोठ्या पिंपात होतं, त्याला "बादेस्सा" म्हणतात. रांगेतल्या लहान पिंपांत जिवाणूंना फारसं काम उरत नाही, तिथे फक्त मुरणं आणि आटणं.

---

फाटकातुटका

रसपूर्ण लेख, पण मी जरा विरोधी बाकावर बसतो.

"२५ वर्षं" हा आकडा ऐकून लोक भारावतात. गवतीचहा यांनीच लिहिलंय की दरवर्षी थोडं काढायचं, थोडं भरायचं. मग बाटलीतला नेमका किती भाग २५ वर्षांचा? कुणालाच सांगता येणार नाही. आणि इतिहासाचं म्हणाल तर प्रत्येक आचेताइयात १०४६ सालची गोष्ट सांगतात: सम्राट तिसरा हेन्री पिआचेन्झाला थांबला असताना त्याने कानोस्साच्या बोनिफाचोकडे तिथलं नावाजलेलं व्हिनेगर मागवलं. दोनित्सोने नावाच्या भिक्षूच्या काव्यात हा उल्लेख आहे खरा. पण त्यात व्हिनेगर आहे, शिजवलेल्या रसाचं आहे असं कुठे लिहिलंय? "बाल्सामिको" हा शब्द मोदेनावर राज्य करणाऱ्या एस्ते घराण्याच्या दप्तरात १७४७ मध्ये दिसतो, सातशे वर्षांनी. आज ज्याला परंपरा म्हणतात तिचं सविस्तर लेखी वर्णन १८६२ चं, फ्रान्चेस्को आगात्झोत्ती याने आपल्या वकील मित्राला लिहिलेल्या पत्रातलं. मला व्हिनेगर आवडतं, पण तिकिटाबरोबर सम्राट कशाला?

---

गवतीचहा

@फाटकातुटका, सम्राटाबद्दल सहमत. आमच्या आजींनी तो सांगितला नाही, नातीने सांगितला :) आणि सांगून झाल्यावर स्वतःच म्हणाली की ही गोष्ट पाहुण्यांना आवडते.

वयाबद्दल तुमचा मुद्दा बरोबर आहे, पण निष्कर्ष पटला नाही. नियमांनाही हे माहीत आहे, म्हणून अस्सल बाटलीवर वर्षांचा आकडा छापायला परवानगीच नाही. २५ वर्षांची अट पुरी केलेल्यावर फक्त "एक्स्त्रावेक्यो" हा शब्द. उत्पादकाने घरी बाटली भरायचीही नाही. व्हिनेगर तपासणीला द्यायचं, तिथे पाच जाणकार नाव न सांगता दिलेला नमुना चाखतात, गुण देतात. ४०० पैकी २२९ मिळाले तर अफ्फिनातो, २५५ मिळाले तर एक्स्त्रावेक्यो. त्याहून कमी, तर पिंपात परत. पास झालं की तिथेच ठरलेल्या बाटलीत भरून क्रमांकाचं सील लावतात. वर्षांची अट पाळावीच लागते, पण शेवटचा शब्द जिभेचा. मला हे आकडा छापण्यापेक्षा प्रामाणिक वाटतं.

---

फाटकातुटका

हे गुणांचं माहीत नव्हतं. हा भाग मूळ लेखात घ्यायला हवा होता, सम्राटापेक्षा दमदार आहे.

---

मुपो_पार्मा

शेजारीच राहतो, म्हणून बोलतो.

एक, रेज्जो एमिलियाला विसरू नका. तिथलंही त्रादित्सिओनाले आहे, डीओपी वेगळा, बाटली वेगळी (उलट्या ट्युलिपसारखी), आणि तिथे दोनऐवजी तीन दर्जे: लॉबस्टरच्या तांबूस रंगाचा, चांदी आणि सोनेरी. मोदेनात पांढरट टोपी म्हणजे अफ्फिनातो आणि सोनेरी म्हणजे एक्स्त्रावेक्यो. मोदेनाची ती गोल पोटाची, चौकोनी बैठकीची बाटली सगळ्या उत्पादकांना सारखीच, कारण ती जॉर्जेत्तो जुजारोने काढून दिली. गाड्यांचा डिझायनर. आपल्याकडे आलेली फियाट उनो त्याचीच. बाजारात ओळखायची सोपी खूण: ती बाटली नसेल तर मोदेनाचं त्रादित्सिओनाले नाही, कागदावर काहीही लिहिलेलं असो.

दोन, गाडी भाड्याने घ्यायची नसेल तर शहरातच सोय आहे. मोदेनाच्या मुख्य चौकात, पियात्सा ग्रांदेवर, नगरपालिकेच्या इमारतीच्या माळ्यावर शहराची स्वतःची आचेताइया आहे. आधी नाव नोंदवून बघता येते. खाली उतरलं की समोर बाराव्या शतकातलं कथीड्रल आणि गिरलांदिना मनोरा, युनेस्कोच्या यादीतले. तिथून मेर्कातो आल्बिनेल्ली बाजार चालत पाच मिनिटं.

तीन, स्पिलाम्बेर्तो. मोदेनाजवळचं छोटं गाव. पारंपरिक बाल्सामिकवाल्यांचं मंडळ १९६७ मध्ये इथे सुरू झालं, आणि व्हिला फाब्रियानीत त्याचं संग्रहालयही आहे. दरवर्षी जूनमध्ये सान जोव्हान्नीच्या सणाला इथे घरगुती व्हिनेगरची स्पर्धा होते. विकणारे नव्हेत, घरच्यापुरतं करणारे लोक आपापले नमुने पाठवतात आणि महिनोन् महिने जाणकार ते चाखून क्रम लावतात. जिंकणाऱ्याचा गावात जो तोरा असतो तो बघण्यासारखा.

चार, सप्टेंबरच्या शेवटच्या रविवारी "आचेताइये आपेर्ते" असते, त्या दिवशी अनेक घरं सगळ्यांना खुली. गर्दी असते, पण एका दिवसात दोन-तीन घरांची तुलना करता येते. आणि नशीब असेल तर रस आटताना मिळतो.

२०१२ च्या मे महिन्यात इथे भूकंप झाला तेव्हा चीजच्या घसरलेल्या मांडण्यांचे फोटो जगभर गेले. उत्तरेकडच्या गावांत माळ्यावरची पिंपंही पडली, त्याबद्दल फारसं कुणी लिहिलं नाही. चीज पुन्हा दोन वर्षांत तयार होतं. पिंप फुटलं तर सगळ्या पिढ्या एकदम जमिनीवर.

---

पोवळं

दोन बाळबोध प्रश्न. आम्ही पूर्ण शाकाहारी आणि घरात दारू चालत नाही, आईबाबा सोबत असणार. या व्हिनेगरमध्ये वाइन असते का? आणि चाखताना जे चीज देतात ते चालेल का?

---

रसायनी

@पोवळं, बाळबोध अजिबात नाहीत.

त्रादित्सिओनालेमध्ये वाइन घालत नाहीत. रस आंबताना मध्ये अल्कोहोल तयार होतं आणि पुढे त्याचं आम्ल होतं, जसं कुठल्याही व्हिनेगरमध्ये होतं. साध्या आयजीपीमध्ये मात्र वाइनचं व्हिनेगर असतंच, नियमानेच किमान १० टक्के. आईबाबांना काय चालतं ते त्यांनी ठरवायचं.

चीजचं उत्तर जास्त महत्त्वाचं. पार्मिजानो रेज्जानो शाकाहारी नाही. दूध विरजायला वासराच्या पोटातलं रेनेट वापरतात आणि त्यांच्या नियमात तेच सक्तीचं आहे, म्हणजे "शाकाहारी पार्मिजानो" अशी गोष्टच नाही. आधी ईमेलमध्ये सांगून ठेवा, ब्रेड, स्ट्रॉबेरी किंवा आइस्क्रीमबरोबर देतील.

---

पोवळं

बापरे, चीजचं खरंच माहीत नव्हतं. इतकी वर्षं पास्त्यावर भुरभुरवतोय. आईला सांगायचं की नाही यावर वेगळा धागा काढावा लागेल.

---

माडावरचा

गोंयकार म्हणून राहवत नाही.

आमच्याकडे माडाच्या सुरेचं व्हिनेगर घरोघर करायचे, अजूनही काही घरांत होतं. सूर मातीच्या भांड्यात ठेवली की काही आठवड्यांत आपोआप आंबट होते, त्यावर साय धरते. विंदालू, सोरपोतेल, बालशांव त्याशिवाय होत नाही. पण त्यात कुणी पंचवीस वर्षं थांबत नाही, आणि ते स्वयंपाकात घालण्यासाठीच असतं. गवतीचहा यांच्या लेखातून मला एक कळलं नाही: हे बाल्सामिक शिजवायचं की नाही? की नुसतं वरून?

---

गवतीचहा

@माडावरचा, त्रादित्सिओनाले शिजवायचं नाही. उष्णतेने वास उडतो आणि पैसे वाया. मांस, अंडं, रिसोत्तो, काहीही असो, गॅस बंद करून ताटात वाढल्यावर वरून काही थेंब. स्ट्रॉबेरी, नासपती, जुनं चीज, व्हॅनिला आइस्क्रीम. शिजवायला, मॅरिनेडला, सॅलडच्या तेलात फेटायला साधं आयजीपी. आणि जाड, काळं, पिळायच्या बाटलीतलं "ग्लेझ" मिळतं ते तिसरंच प्रकरण. त्यात दाटपणा स्टार्चचा किंवा डिंकाचा असतो.

मला विंदालूत तुमचं सुरेचंच हवं.

---

बर्लिनचा_कांदा

जर्मनीत एक गंमत झाली होती. इथल्या एका कंपनीने बाडेनच्या द्राक्षांपासून "बाल्सामिको" असं लेबल लावून व्हिनेगर विकलं. मोदेनाच्या मंडळाने हे नाव वापरू नका म्हणून बजावलं, तेव्हा कंपनीच कोर्टात गेली. युरोपीय संघाच्या न्यायालयाने डिसेंबर २०१९ मध्ये सांगितलं की संरक्षण "आचेतो बाल्सामिको दि मोदेना" या पूर्ण नावाला आहे, "आचेतो" किंवा "बाल्सामिको" हे सुटे शब्द कुणाच्या मालकीचे नाहीत. त्यामुळे आता दुकानात "बाल्सामिको" लिहिलेलं कुठलंही असू शकतं. बाटलीची पाठ वाचा. घटकांत पहिलं नाव वाइन व्हिनेगरचं असेल तर आंबट, रसाचं असेल तर गोडसर, हा माझा रोजचा नियम.

बाकी मला एका पर्यटकी शहरातल्या दुकानात पुढे मोठ्ठा "२५" छापलेली बाटली विकायचा प्रयत्न झाला होता, पन्नास मिलीची, तीस युरोला. मागे बारीक अक्षरांत आयजीपी. २५ म्हणजे काय विचारलं तर बाई म्हणाल्या, "तो आमचा सीरीजचा नंबर."

---

अडाणी_आत्मा

"सीरीजचा नंबर" :D आमच्या सोसायटीत पाण्याची टाकी साफ केल्याची तारीखही अशीच लिहितात.

बरं, मंडळी, माझं मन वळतंय. ऑक्टोबरात बायकोबरोबर मिलानला जाणं ठरतंय. एक दिवस काढला तर जमेल का? आणि बाटली आणायची तर विमानात अडवतील का?

---

मुपो_पार्मा

जमेल. मिलान सेंत्रालेहून मोदेना थेट गाडीने साधारण दोन तास. सकाळी लवकर निघा, अकराची वेळ मागून घ्या, दुपारी आल्बिनेल्लीत जेवा, संध्याकाळी परत. ऑक्टोबरच्या सुरुवातीला जात असाल तर ईमेलमध्ये विचारा, रस आटवणं चालू आहे का. चालू असेल तर त्या दिवशी जा, घरात सगळीकडे द्राक्षाची वाफ भरलेली असते आणि माणसं कामात, त्यामुळे भाषणं कमी आणि बघणं जास्त.

रविवार आणि दुपारी एक ते तीन ही वेळ टाळा. कुणी दार उघडणार नाही.

---

गवतीचहा

विमानाचं: बाटली १०० मिलीचीच असते, त्यामुळे कागदोपत्री हातातल्या सामानात पारदर्शक पिशवीत चालते. तरी मी चेक-इनच्या बॅगेतच टाकली. खोका पुठ्ठ्याचा आणि मजबूत असतो, आत बाटलीला खाच, शिवाय सोबत नेमकी थेंब पाडणारी काचेची नळी. मोज्यात गुंडाळून कपड्यांच्या मध्ये. घरी आल्यावर फ्रिजमध्ये ठेवायची गरज नाही, उन्हापासून लांब आणि उग्र वासांपासून लांब, म्हणजे मसाल्याच्या कपाटात नको.

---

अडाणी_आत्मा

ठरलं. बायकोला सांगितलं की आपण मिलानहून दोन तास लांब व्हिनेगर बघायला जाणार आहोत. ती म्हणाली, फेरारीचं संग्रहालय तिथेच आहे ना, मग तू खरं सांग.

@मुपो_पार्मा, मारानेल्लो आणि आचेताइया एका दिवसात बसतं का? खासगी चौकशी आहे.

---

मुपो_पार्मा

बसतं, आचेताइया आधी ठेवलीत तर. मोदेना स्टेशनजवळ एन्झो फेरारीच्या जन्मघरालगत एक संग्रहालय आहे, ते चालत जाण्यासारखं. मारानेल्लोचं दुसरं, त्याला बस किंवा टॅक्सी. मारानेल्लो आधी केलंत तर तुम्ही तिथून निघणार नाही आणि आजीबाई जिन्यात वाट बघत बसतील.